शेजारच्या रानातून लाईटची तार, चुलतभावाची हरकत (पलूस तालुका)

मळ्याकडचा | 4 मार्च, रात्री 9:15

नमस्कार मंडळी. बरेच दिवस इथं नुसतं वाचत होतो. लिहायची वेळ आली तीही अडचणीपायी.

आमचं गाव कृष्णाकाठी. 2019 च्या महापुरात सांगलीला आयर्विन पुलाजवळ पाणी 57 फुटांच्या वर गेलं, तेव्हा गावातल्या आमच्या घरात माळ्याला पाणी लागलं होतं. 2021 ला परत आलं, तेव्हा आई म्हणाली, "आता तिसऱ्यांदा मी गाळ काढणार न्हाई." म्हणून वरच्या मळ्यात, आमच्या वाटणीच्या रानात दोन खोल्या आणि पडवी बांधली. ग्रामपंचायतीची घरपट्टी आमच्या नावावर लागली आहे.

आता लाईट. शेवटचा पोल तात्यांच्या (सख्खे चुलते) रानात, बांधाच्या कोपऱ्यावर आहे. तिथून आमचं घर सरळ रेषेत साधारण 70 मीटर, त्यातले 40 मीटर तात्यांच्या उसावरून. तात्या आधी "न्या की" म्हणाले होते. वायरमन तार घेऊन आले त्या दिवशी त्यांचा मुलगा, आमचा दादा, आडवा उभा राहिला. "माझ्या रानावरनं एक दोरीबी जाणार न्हाई." वायरमन माघारी गेले. ऑफिसात विचारलं तर म्हणाले, शेजाऱ्याचं संमतीपत्र आणा. शिवाय सातबारा अजून सामाईक आहे, वाटणी 1998 ची पण कागदावर चढवलेली नाही, त्यामुळं हिस्सेदारांची सहीसुद्धा मागितली आहे. म्हणजे दोन्हीकडं दादाच.

सध्या विहिरीवरच्या शेतपंपाच्या मीटरवरून एक वायर ओढून तीन बल्ब आणि फ्रीज चालवतोय.

संमती नसेल तर लाईट मिळणारच नाही का? तहसीलदारांकडं जायचं की कोर्टात?

---

सातारी_कंदी | 4 मार्च, रात्री 9:50

मोजणी कधी केली होती ते सांगा आधी. हरकतीचं मूळ तिथं सापडेल.

---

मळ्याकडचा | 4 मार्च, रात्री 10:05

ओळखलंत. मागच्या वर्षी भूमी अभिलेखची मोजणी झाली. बांध अर्धा फूट तात्यांच्या बाजूला सरकला. तेव्हापासून दादा बोलत नाही. लग्नात पंगतीला समोरासमोर बसलो तर ताट उचलून दुसरीकडं गेला.

---

खांबावरचा | 5 मार्च, सकाळी 6:40

मी निवृत्त लाइनमन, कोरेगाव तालुक्यातला. 31 वर्षं खांबावर काढली.

पहिली गोष्ट, पंपाच्या मीटरवरची ती वायर आजच काढा. जीवाचा धोका आहेच, आणि तपासणी पथक आलं तर वेगळं प्रकरण होतं. कंदील लावा, शेजारी नसेल तर पाहुण्याकडं फोन चार्ज करा, पण ती काढा.

दुसरी, 70 मीटर एका झोळात सर्व्हिस वायर टाकतो असं कुणी म्हटलं तर ऐकू नका. एवढ्या लांबीची तार उन्हाळ्यात लोंबते. मधे खांब लागणार, आणि तो कुठं लागणार यावर सगळं भांडण ठरणार. तुमच्या दादाच्या रानात ऊस आहे म्हणता. ऊसतोडीला ट्रॅक्टर-ट्रॉली कुठून बाहेर पडते? ट्रॉलीवर मोळ्या रचल्या की उंची किती होते ते मोजून बघा. तार रस्त्याला आडवी जात असेल तर जमिनीपासून किमान 5.8 मीटर हवी, सर्व्हिस वायरलासुद्धा हाच नियम. रानात उघडी तार असेल तर 4.6, इन्सुलेटेड असेल तर 4 मीटर. आता 4 मीटरखालून भरलेली ट्रॉली काढून दाखवा! कागदावर नियमात बसते, आणि मोळी तारेत अडकते.

तिसरी, माती काळी आहे का? असेल तर खांब सिमेंटात बसवून घ्या. काळ्या रानात नुसता पुरलेला खांब दोन पावसाळ्यांत मान टाकतो.

---

निशाणी_पाच | 5 मार्च, दुपारी 1:20

कराडला वकिली करतो. धागाकर्त्यानं दोन वेगळ्या संमती एकात मिसळल्या आहेत. अशी गल्लत निम्म्या पक्षकारांची होते, त्यामुळं जरा सविस्तर लिहितो.

एक संमती म्हणजे हिस्सेदाराची, कनेक्शन घेण्यासाठी. वीज अधिनियम 2003 चं कलम 43 म्हणतं की जागेचा मालक किंवा ताबेदार यानं अर्ज केला की पुरवठा द्यायचा, महिन्याच्या आत. त्यासाठी लाइन वाढवावी लागत असेल तर ती वाढवून झाल्यावर. विनाकारण टाळलं तर रोज 1000 रुपयांपर्यंत दंडाची तरतूद तिथंच आहे. सर्वोच्च न्यायालयानं 2022 मध्ये दिलीप विरुद्ध सतीश या प्रकरणात स्पष्ट सांगितलं आहे की वीज ही मूलभूत गरज आहे आणि घरमालक ना-हरकत देत नाही एवढ्यावरून भाडेकरूला ती नाकारता येत नाही. अर्जदार त्या जागेत राहतो का एवढंच बघायचं. तुमच्याकडं घरपट्टीची पावती आहे, ताबा आहे. सामाईक सातबाऱ्याचा बाऊ करू नका. लेखी अर्जात हे सगळं लिहा आणि पोच घ्या. पोच न घेता शंभर हेलपाटे घातलेत तरी कागदावर तुम्ही ऑफिसात गेलाच नाहीत.

दुसरी संमती म्हणजे रानावरून तार नेण्याची. दिलीप-सतीशचा निकाल इथं कामाला येत नाही, कुणी तो पुढं केला तर समोरचा वकील हसेल. दुसऱ्याच्या जमिनीवरून, जमिनीखालून किंवा हवेतून लाइन न्यायची तर लायसन्सीच्या (म्हणजे वीज कंपनीच्या) कामांबाबतचे 2006 चे नियम बघावे लागतात. त्यात मालकाची किंवा ताबेदाराची आगाऊ संमती लागते हे खरं. पण पुढचं वाक्य कुणी वाचत नाही: मालकानं हरकत घेतली तर वीज कंपनीनं जिल्हादंडाधिकाऱ्यांची लेखी परवानगी घ्यायची, म्हणजे आपल्याकडं कलेक्टर. तेच भरपाई किंवा वार्षिक भाडं, किंवा दोन्ही, ठरवून देतात. त्या आदेशावर वीज नियामक आयोगाकडं पुनरीक्षण मागता येतं. लाइन झाल्यावरही मालकानं पुरेसं कारण दाखवलं तर ती हलवायचा आदेश निघू शकतो.

तेव्हा शेजाऱ्याच्या नकारानं विषय संपत नाही, फाइल फक्त पुढच्या टेबलावर जाते. आणि ती कंपनीनं पाठवायची असते, तुम्ही नाही. तुमच्या अर्जात एकच ओळ घाला: "शेजाऱ्यानं हरकत घेतली असल्यानं नियमाप्रमाणे जिल्हादंडाधिकाऱ्यांकडे प्रस्ताव पाठवावा." संमतीपत्रासाठी तुम्हालाच पळवत असतील तर ग्राहक गाऱ्हाणे निवारण मंच आहे, त्यावर विद्युत लोकपाल.

पंपाच्या वायरीबद्दल खांबावरचा म्हणतात ते कायद्यानंही तसंच आहे. शेतीच्या जोडणीवर घर चालवणं हा कलम 126 खाली अनधिकृत वापर, आकारणी दुप्पट दरानं. दादाला हे कळलं तर एक फोन पुरेल.

---

मळ्याकडचा | 5 मार्च, संध्याकाळी 7:30

वायर काढली. फ्रीजमधलं दूध तात्यांच्याच घरी ठेवायला गेलो, काकूनं ठेवून घेतलं. दादा बघत होता, काही बोलला नाही.

---

पाणंद_मोकळी_करा | 5 मार्च, रात्री 8:45

तहसीलदारांकडं 143 खाली अर्ज करा ना. माझ्या मेहुण्याला सहा महिन्यांत आदेश मिळाला.

---

निशाणी_पाच | 5 मार्च, रात्री 9:10

मेहुण्याला रस्ता मिळाला असेल. महाराष्ट्र जमीन महसूल संहितेचं कलम 143 बांधावरून शेतात जायच्या रस्त्यासाठी आहे. मामलेदार न्यायालय अधिनियम 1906 मधलं कलम 5 रस्ता आणि पाण्याची वाट अडवली तर कामाला येतं. तारेसाठी यांतलं काहीच नाही. अर्ज दाखल होईल, तारखा पडतील आणि वर्षानं "अधिकारक्षेत्रात येत नाही" असा शेरा मिळेल.

---

आकडेबहाद्दर | 5 मार्च, रात्री 11:30

एवढं कशाला? पोलवर आकडा टाका, रात्री दहानंतर कोण बघतंय.

---

खांबावरचा | 6 मार्च, सकाळी 6:15

मी बघितलंय. आकडा काढताना चिकटलेला पोरगा मीच खाली उतरवलाय. असलं इथं लिहू नका.

---

सोनाका_बाग | 6 मार्च, सकाळी 10:00

तासगावकडचा बागायतदार. मी दुसऱ्या बाजूनं लिहितोय. मी हरकत घेणारा शेजारी आहे, त्यामुळं शिव्या खायची तयारी आहे.

माझी दोन एकर द्राक्षबाग. शेजाऱ्याला घरासाठी तार हवी होती, सरळ रेष माझ्या बागेवरून जात होती. आता द्राक्षाचा मांडव म्हणजे काय, लोखंडी अँगल आणि त्यांवर एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत ताणलेल्या तारा. वरची एक फेज तुटून मांडवावर पडली तर पूर्ण दोन एकरांत करंट. खाली थिनिंगला (घडातले मणी विरळ करायला) वीस-पंचवीस बायका असतात, हात वर करून, ओल्या पानांत. मी "नाही" म्हटलं तर गावात मी वाईट झालो. पोराच्या सोयरिकीत सुद्धा कुणीतरी सांगितलं, "त्यांनी शेजाऱ्याची लाईट अडवली."

मी लेखी दिलं होतं की बांधाच्या कडेनं न्या, चार खांब जास्त लागले तर त्यातल्या एकाचा खर्च मी देतो. तो कागद कुणी वाचला नाही. सगळे एवढंच सांगत होते की मी अडवतोय. शेवटी एबी केबल (इन्सुलेटेड तारा एकत्र पिळलेली) बांधाकडेनं गेली. आता ठीक आहे.

मळ्याकडचा, तुमचा दादा मोजणीचा राग काढत असेल, काढू दे. पण त्याला एकदा विचारून तरी बघा, तारेत त्याला नेमकं काय नडतंय.

---

सातारी_कंदी | 6 मार्च, सकाळी 10:40

सोनाका, बरं झालं लिहिलंत. असल्या धाग्यांत अडवणारा नेहमी गैरहजरच असतो.

---

वाईकर_काकू | 6 मार्च, दुपारी 3:00

माझा प्रश्न उलटा आहे, इथंच विचारते. आमच्या घराची सर्व्हिस वायर 1990 पासून शेजारच्या परसावरून येते. शेजारी आता वरचा मजला चढवतायत आणि म्हणतात तार काढा. पस्तीस वर्षांचा आमचा हक्क झाला ना?

---

निशाणी_पाच | 6 मार्च, रात्री 8:00

वाईकर काकू, सुविधाधिकार कायदा 1882 चं कलम 15 आहे, 20 वर्षं उघडपणे, विनाअडथळा आणि हक्कानं वापर असेल तर. अडचण शेवटच्या शब्दाची आहे. तुमच्या सासऱ्यांनी शेजाऱ्यांच्या आजोबांना "तार नेऊ का" विचारलं असेल आणि त्यांनी "न्या" म्हटलं असेल, तर तो परवानगीचा वापर, हक्काचा नव्हे. दाव्यात याच एका मुद्द्यावर साक्षीपुरावा चालतो, आणि साक्षीदार सगळे गेलेले असतात.

पण तुमच्या बाबतीत भांडायचं कारणच दिसत नाही. मजला चढतोय म्हणजे सुरक्षित अंतर मोडतंय. कमी दाबाची तार इमारतीच्या वर 2.5 मीटर आणि बाजूला 1.2 मीटर हवी. तार हलवण्याचा अर्ज दोघांनी मिळून करा. खर्च बांधकाम करणाऱ्यानं उचलावा ही मागणी रास्त आहे.

---

वाईकर_काकू | 6 मार्च, रात्री 9:20

विचारलं होतं हो, मला आठवतंय. मामंजींनी नारळ दिला होता त्यांना. म्हणजे नारळानं घोटाळा केला.

---

आबांचा_तालुका | 7 मार्च, सकाळी 9:00

तंटामुक्ती समितीकडं गेलात का? आर. आर. आबा गृहमंत्री असताना 15 ऑगस्ट 2007 ला महात्मा गांधी तंटामुक्त गाव मोहीम सुरू झाली, आबा आपल्या तासगावचेच. आमच्या गावात अजून समिती बसते. दोन बांध आणि एक गटार तिथं मिटलेलं मी बघितलं आहे.

---

मळ्याकडचा | 7 मार्च, दुपारी 12:10

आमच्याकडं समिती आहे, अध्यक्ष दादाचे सासरे. पुढं काय बोलू.

---

निशाणी_पाच | 7 मार्च, दुपारी 2:00

मग एक काम आत्ताच करा. तालुक्याच्या दिवाणी कोर्टात कॅव्हेट दाखल करा. दादा मनाई दावा लावून निशाणी 5 वर (दाव्यातला तातडीच्या मनाईचा अर्ज) तुम्हाला न ऐकता तूर्तातूर्त मनाई मागेल, कॅव्हेट असलं की तुमचं ऐकल्याशिवाय हुकूम होत नाही. मुदत 90 दिवस, तारीख लिहून ठेवा, संपली की परत दाखल करा.

---

मळ्याकडचा | 19 एप्रिल, रात्री 10:30

उशीर झाला, माफ करा. बरंच घडलं.

कॅव्हेट टाकलं ते बरं झालं. दादानं खरंच दावा लावला, मला आणि वीज कंपनीला प्रतिवादी करून. तूर्तातूर्त मनाई मिळाली नाही, आम्हाला नोटीस निघाली. घरात मात्र वातावरण बिघडलं. आईनं तात्यांच्या घरचं दूध बंद केलं, आता डेअरीचं आणतोय.

दरम्यान लेखी अर्ज दिला, वकीलसाहेबांनी सांगितलेल्या ओळीसकट, पोच घेतली. तीन आठवड्यांनी वीज कंपनीचे साहेब स्वतः जागेवर आले. दादाही आला होता. सोनाकाचं वाचून मी त्यांच्यासमोरच विचारलं, "दादा, तुला तारेत काय नडतंय ते तरी सांग." आधी मोजणीवरच घसरला. दहा मिनिटं तेच. मग म्हणाला, दोन वर्षांपूर्वी खालच्या वस्तीवर एकाच्या ट्रॉलीत तार अडकली, ठिणगी पडून उभा ऊस पेटला, कारखान्यानं जळका ऊस म्हणून कपात केली ती वेगळीच. दादाची ट्रॉली नेमकी त्याच कोपऱ्यातून पाणंदीला लागते. हे मला माहीतच नव्हतं. एका बांधावर राहून!

साहेबांनी टेप काढला. सरळ रेषेऐवजी पाणंदीच्या कडेनं गेलं तर 110 मीटर जास्त, तीन खांब वाढणार, पण दादाच्या उसावरून इंचभरही तार नाही. पाणंद सरकारी, तिथं कुणाच्या सहीचा प्रश्न नाही. कलेक्टर ऑफिसला प्रस्ताव पाठवायचा तर पाठवू, पण हे लवकर होईल, असं साहेबांचं म्हणणं. कोटेशन वाढलं. मी हो म्हटलं.

आणि तिथंच नवीन अडचण. पाणंदीवरून आमच्या रानात वळायचं त्या खांबाला ताण (खांब ओढून धरणारी, जमिनीत रोवलेली तार) लागणार, तो वळणाच्या बाहेरच्या बाजूला. बाहेरच्या बाजूला पाणंदीपलीकडं जी पट्टी आहे तीही दादाचीच! तीन फूट जागेचा ताण. दादा म्हणाला, "उसावरनं न्हाई म्हटलो, पट्टीतबी न्हाई." सगळे गप्प.

खांबावरचा, आहात का?

---

खांबावरचा | 20 एप्रिल, सकाळी 6:05

आहे. ताण बाहेरून ओढतो, टेकू आतून पेलतो. वळणाच्या आतल्या बाजूला, म्हणजे तुमच्या रानात, दुसरा खांब तिरका टेकवायचा. खांब पाणंदीला अगदी चिकटवू नका, पाच-सहा फूट आत तुमच्यात घ्या, म्हणजे टेकूचा पायही तुमच्यातच पडेल. एक खांब जास्त जाईल, पण पट्टीवाल्याचं तोंड बघायला नको. साहेबांना "स्ट्रट" म्हणून सांगा, त्यांना लगेच कळेल.

---

सातारी_कंदी | 20 एप्रिल, सकाळी 8:30

काका, ही एक पोस्ट दाव्याच्या चार तारखांना भारी आहे.

---

निशाणी_पाच | 20 एप्रिल, सकाळी 9:45

मान्य. वकिलांच्या पोटावर पाय आहे, तरी मान्य. मळ्याकडचा, नवीन मार्गाचा नकाशा साहेबांच्या सहीनं घ्या आणि दाव्यात दाखल करा. वादीच्या जमिनीतून लाइन जातच नाही म्हटल्यावर मनाई कशाला, एवढंच म्हणणं द्यायचं. दावा लगेच निघणार नाही, तारखा पडतील, पण लाईटला त्यानं अडथळा होऊ नये.

---

मळ्याकडचा | 2 जून, रात्री 8:10

परवा संध्याकाळी मीटर बसला. आईनं पहिलं काम काय केलं तर पडवीतला बल्ब लावून त्याच्याखाली जोंधळा निवडत बसली. दिवसा निवडता आला असता, पण नाही.

टेकू आमच्या रानात आहे, आत सहा फूट. दावा अजून चालू आहे, पुढची तारीख 24 ची. खांब उतरवताना क्रेनचं चाक पाणंदीत रुतलं, ते दादाच्या ट्रॅक्टरनं ओढून काढलं. बोलला नाही. डिझेलचे पैसे पाठवले ते काकूनं परत पाठवले.

---

पाणंद_मोकळी_करा | 2 जून, रात्री 8:40

अभिनंदन. सामाईक सातबाऱ्याचं काय झालं शेवटी? हिस्सेदाराची सही दिलीत?

---

मळ्याकडचा | 2 जून, रात्री 9:00

नाही. घरपट्टी आणि ताब्याच्या अर्जावरच झालं. वाटणीची नोंद मात्र आता घालून घेणार आहे, तात्या आहेत तोवर.

---

खांबावरचा | 3 जून, सकाळी 6:20

पाऊस तोंडावर आहे. टेकूच्या आणि खांबाच्या बुडाशी मुरूम टाकून धुमसानं ठोकून घ्या, पहिल्या पाण्याआधी. काळी माती भिजली की टेकू बसतो आणि खांब कलतो. आणि टेकूला जनावर बांधू नका, मळ्यात सगळे बांधतात.

---

मळ्याकडचा | 3 जून, सकाळी 7:15

म्हैस कालपासून तिथंच होती. आत्ता सोडली.